के-१८ : दूरच्या पल्ल्यासाठी बांधलेली, उथळ समुद्रात लढलेली डच पाणबुडी

प्रश्न असा आहे : हॉलंडसारख्या लहान देशाने आजच्या इंडोनेशियातल्या वसाहतीसाठी खास वेगळ्या पाणबुड्या का बांधल्या? त्यातली के-१८ एवढी गाजली कशामुळे? ती इतकी चांगली होती तर जपान्यांपुढे टिकली का नाही? आणि तिच्यासारखी एखादी आज पाहायला मिळते का?

माझी नोकरी डिझेल-इलेक्ट्रिक पाणबुड्यांच्या इंजिनरूममध्ये गेली, तीही उष्ण कटिबंधातल्या समुद्रात. त्यामुळे या बोटींकडे मी इतिहासकाराच्या नजरेने कमी आणि वॉच ठेवणाऱ्याच्या नजरेने जास्त पाहतो. (पाणबुडीला आम्ही ‘बोट’च म्हणतो, इथेही तसंच म्हणेन.) कुठलीही बोट चांगली की वाईट हे ठरवायच्या आधी तिला कुठल्या पाण्यात, किती दिवस आणि कुणाच्या साथीने राहायचं होतं ते बघावं लागतं. के-१८ च्या बाबतीत पाणी आणि दिवस यांचा हिशेब चोख जमला होता. साथीचा हिशेब कागदावरच राहिला.

आधी ‘के’चं बघू. के म्हणजे कोलोनिएन, वसाहती. १९१४ मध्ये के-१ नौदलात आली तेव्हा तिचा खर्च वसाहत खात्याने उचलला होता आणि पुढच्या के बोटींनाही तीच पद्धत लागू झाली. मायदेशाच्या किनाऱ्यासाठी बांधलेल्या बोटी ‘ओ’ मालिकेतल्या, त्यांना साधे आकडे. वसाहतीच्या बोटींना रोमन आकडे. दोन मालिका वेगळ्या असण्यामागे निव्वळ हिशेबाचं कारण नव्हतं. उत्तर समुद्रात गस्त घालून दोन-चार दिवसांत डेन हेल्डरला, म्हणजे मायदेशातल्या नौदल तळाला परतणारी बोट लहान असली तरी चालते. सुमात्राच्या टोकापासून न्यू गिनीपर्यंतचा डचांचा मुलूख मात्र साधारण पाच हजार किलोमीटर पसरलेला होता. जावा बेटावरच्या सुराबायाच्या तळावरून निघून त्याच्या एका कडेला पोचायलाच कित्येक दिवस जायचे. इंधन, गोडं पाणी, वंगण, रसद, टॉर्पेडो सगळं जास्त लागणार, म्हणजे बोट मोठी होणार. शिवाय बांधायची रॉटरडॅमला आणि वापरायची सुराबायाला. सुवेझमार्गे गेलं तरी वाट आठ-नऊ हजार सागरी मैलांची.

मोठ्या जहाजांऐवजी पाणबुड्यांवरच भर का, याचं उत्तर राजकारणात आहे. १९२३ च्या ऑक्टोबरमध्ये डच संसदेत आरमार वाढवण्याचा कायदा आला आणि एका मताने पडला, ४९ विरुद्ध ५०. युद्ध नुकतंच संपलेलं, तिजोरी आवळलेली, लोकांचा विरोध जोरदार. मग नौदलाने परवडणाऱ्या हत्याराचा आसरा घेतला. क्रूझरच्या खर्चाच्या मानाने पाणबुडी स्वस्त, आणि बेटांमधल्या चिंचोळ्या वाटा अडवायला सोयीची. तेलाच्या शोधात जपान दक्षिणेकडे आलाच, तर त्याच्या सैन्यवाहू जहाजांना या वाटांवरूनच यावं लागणार, हा तर्क पुढे अगदी खरा ठरला.

के-१४ ते के-१८ या पाच बोटींच्या वर्गाचा आराखडा फान डर स्ट्राउफ या डच नौदल अभियंत्याचा. पहिल्या तीन रॉटरडॅमच्या ड्रायडॉक कंपनीने बांधल्या, शेवटच्या दोन फायेनोर्ड गोदीने. के-१८ चा सांगाडा १९३१ मध्ये उभा राहिला, १९३२ मध्ये ती पाण्यात उतरली आणि मार्च १९३४ मध्ये नौदलात दाखल झाली. लांबी सुमारे ७३ मीटर. पाण्यावर वजन आठशे टनांच्या आसपास, बुडी मारल्यावर हजार टनांच्या आसपास. दोन डिझेल इंजिनं मिळून ३२०० अश्वशक्ती, पाण्यावर १७ नॉट, पाण्याखाली ९. माणसं अडतीस. टॉर्पेडोच्या नळ्या आठ : चार पुढे, दोन मागे आणि दोन बाहेरच्या डेकखाली, बाजूला वळवता येणाऱ्या. १४ टॉर्पेडो, एक ८८ मिलिमीटरची तोफ आणि दोन ४० मिलिमीटरच्या विमानविरोधी तोफा.

यातल्या वळवता येणाऱ्या नळ्यांबद्दल थोडं सांगायला हवं, कारण आज त्या विचित्र वाटतात. नाक शत्रूकडे न वळवता बगलेतून टॉर्पेडो सोडता यावा, ही कल्पना. अरुंद सामुद्रधुनीत, उथळ पाण्यात, वळायला जागा नसताना ती मोहक वाटते. माझं वैयक्तिक मत विचाराल तर मी त्या नळ्या कधीच घेतल्या नसत्या. दाबसह कवचाच्या बाहेर असलेलं यंत्र बुडी मारल्यावर हाताशी येत नाही. त्यातला टॉर्पेडो तपासता येत नाही, पुन्हा भरता येत नाही आणि खाऱ्या पाण्यात सगळे सांधे गंजत राहतात. पण तो काळ बघा. टॉर्पेडोची दिशा ठरवून देणारी गणकयंत्रं बाल्यावस्थेत होती, त्यामुळे डिझायनर मंडळी अडचणी यंत्राने सोडवत होती.

उलट ज्या आकड्यावर लोक नाक मुरडतात तो मला शहाणपणाचा वाटतो. या बोटींची चाचणीची खोली ८० मीटर होती. जर्मन बोटी त्याहून पुष्कळ खोल जात, मग डच मागे होते का? जावा समुद्राची सरासरी खोली पन्नास मीटरच्याही आत आहे. सयामच्या (आजच्या थायलंडच्या) आखातात तीच तऱ्हा. ७३ मीटर लांबीची बोट अशा पाण्यात तिरकी झाली तर नाक तळाला आणि शेपूट पृष्ठभागावर अशी गत होऊ शकते. तिथे दोनशे मीटर खोल जाणारं कवच बांधणं म्हणजे पोलाद वाया घालवणं. ते वजन त्यांनी इंधनावर खर्च केलं. पाण्यावर १२ नॉटच्या वेगाने सुमारे दहा हजार सागरी मैल, हा या बोटीचा खरा दागिना.

उष्णतेचा मुद्दा पुस्तकांत एका ओळीत उरकतात. समुद्राचं पाणीच २८-३० अंश असेल तर त्याने थंड होणारं काहीच नीट थंड होत नाही. बुडी मारल्यावर डिझेल बंद होतात, पण त्यांचं लोखंड तासन्‌तास धग ओकत राहतं. बॅटऱ्या तापतात, आणि तापलेल्या बॅटऱ्या चार्जिंगच्या शेवटी जास्त हायड्रोजन सोडतात. हवेत चार टक्क्यांवर हायड्रोजन गेला की ठिणगीची वाट बघायची. के-१३ मध्ये २१ डिसेंबर १९४१ ला सिंगापूर बंदरात बॅटरीचा स्फोट झाला, माणसं गेली आणि ती बोट पुन्हा लढाईत आलीच नाही. त्यात शत्रूचा हात नव्हता. आमच्या वेळी बॅटरीच्या वायुवीजनाची नोंद चुकवणाऱ्याला जे ऐकावं लागे, त्याचं कारण अशा घटनांमध्ये आहे.

आता ती गाजली कशामुळे. १४ नोव्हेंबर १९३४ ला के-१८ डेन हेल्डरहून निघाली. कप्तान हेटरस्खाय. नेहमीची सुवेझची वाट सोडून तिला लांबचा वळसा दिला होता : मदेरा, केप व्हर्द, डाकार, ब्राझील, रिओ, माँटेव्हिडिओ, ब्वेनोस आइरेस, मग दक्षिण अटलांटिक ओलांडून केपटाउन, डर्बन, मॉरिशस, ऑस्ट्रेलियातलं फ्रीमँटल आणि ११ जुलै १९३५ ला सुराबाया. वीस हजारांहून जास्त सागरी मैल, आठ महिने, सोबत रसदीचं जहाज नाही. वाटेत डिसेंबरमध्ये ‘स्निप’ नावाचं डच विमान केप व्हर्दहून अटलांटिक ओलांडून वेस्ट इंडीजकडे निघालं, तेव्हा भर समुद्रात थांबून रेडिओ संकेत देण्याचं कामही हिनेच केलं.

या सफरीत जाहिरातबाजी होतीच. बंदराबंदरांत झेंडा दाखवायचा आणि डच गोद्यांचा मालही दाखवायचा. (पुढे पोलंडने आपली प्रसिद्ध ओझेल पाणबुडी हॉलंडमध्येच बांधून घेतली.) पण बोटीवर एक प्रवासी होता, त्याच्यामुळे ही सफर विज्ञानाच्या इतिहासात गेली. फेलिक्स फेनिंग माइनेझ, भूभौतिकीचे प्राध्यापक, उंची दोन मीटरच्या वर. पाणबुडीच्या गोल दारांतून वाकून जाताना माझ्यासारख्या मध्यम उंचीच्या माणसाचंही डोकं आपटतं. या गृहस्थांनी अशा सफरी १९२३ पासून चालवल्या होत्या, आधी के-२, मग १९२६ मध्ये पनामामार्गे के-१३, आणि आता ही.

काम होतं समुद्रावर गुरुत्वाकर्षण मोजण्याचं. लंबकाचा आंदोलनकाळ अचूक मोजला की त्या जागचं गुरुत्वाकर्षण कळतं, हे शाळेत शिकवतात. हलणाऱ्या जहाजावर मात्र लंबक निकामी होतो. त्यांनी दोन उपाय जोडले. एकाच पातळीत झुलणाऱ्या लंबकांच्या जोडीतला फरक मोजायचा, म्हणजे बोटीचे आडवे हेलकावे दोघांवर सारखेच येऊन वजाबाकीत निघून जातात. दुसरा उपाय बुडी. लाट जशी खाली जाते तशी मरते. प्रकाशाची तिरीप फोटोच्या कागदावर लंबकांची नोंद करत असे, आणि तेवढा वेळ बोट एका खोलीवर, एका दिशेला, एका वेगाने ठेवायची.

हे वाक्य वाचायला सोपं आहे. पाण्याखाली संथ चालणाऱ्या बोटीचा ट्रिम, म्हणजे तोल, सांभाळलेल्या माणसाला विचारा. वेग कमी म्हणजे हायड्रोप्लेनला (बोट वर-खाली वळवणाऱ्या आडव्या पंखांना) पकड कमी. खारटपणा थोडा बदलला तरी बोट वर उचलते किंवा बसते. स्वयंपाक्याने बटाट्याचं पोतं पुढून मागे नेलं तरी कोन बदलतो. दक्षिण अटलांटिकच्या लांब लाटा तर तीस-चाळीस मीटर खालीही जाणवतात, कारण त्यांची लांबीच दीड-दोनशे मीटर असते. आणखी एक मेख आहे. बोट पूर्वेकडे जात असेल तर पृथ्वीच्या फिरण्यात तिच्या वेगाची भर पडते आणि वजन किंचित कमी भरतं, पश्चिमेकडे जाताना उलट. विषुववृत्तावर एका नॉटला हा फरक सुमारे साडेसात मिलिगॅल येतो. एक मिलिगॅल म्हणजे गुरुत्वाकर्षणाचा साधारण दहा लाखावा भाग. म्हणजे नौकानयन अधिकाऱ्याचा प्रवाहाचा अंदाज अर्ध्या नॉटने चुकला की प्राध्यापकांचं माप बिघडलं. अशी मापं त्यांनी वाटेत शेकडोंच्या घरात, वेळी-अवेळी घेतली. ज्या खलाशांनी आठ महिने दररोज हे केलं, त्यांच्या हाताला ट्रिमची जी सवय लागली असेल ती कुठल्याही प्रशिक्षणशाळेत लागत नाही.

या विषयाचं मूळ आपल्याकडे आहे, म्हणून एक आडवळण. एकोणिसाव्या शतकात भारताच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणात हिमालयाजवळ ओळंबा अपेक्षेइतका पर्वताकडे ओढला जात नाही असं दिसलं. कलकत्त्याचे आर्चडीकन प्रॅट आणि इंग्लंडचे एअरी यांनी १८५० च्या दशकात त्यावर डोकं लढवलं, आणि डोंगरांखालचं वस्तुमान हलकं किंवा खोल मुळांचं असतं ही समतोलाची कल्पना जन्मली. जमिनीवर ती तपासता येत होती, महासागरावर नाही. फेनिंग माइनेझ यांनी ती पाणबुडीतून तपासली. जावाच्या दक्षिणेला समुद्रात गुरुत्वाकर्षण फारच कमी असलेला लांबलचक पट्टा त्यांना सापडला तो आधीच्या सफरींत. भूकवच तिथे खाली दाबलं जातंय असं त्यांचं म्हणणं होतं. आज आपण त्या जागी एक भूपट्ट दुसऱ्याखाली जातो असं म्हणतो. के-१८ ने अटलांटिक आणि हिंदी महासागराचे लांबच लांब छेद जोडले.

आता युद्ध. डिसेंबर १९४१ मध्ये डचांकडे पूर्वेत पंधरा पाणबुड्या होत्या, त्यातल्या निम्म्या जुन्या. तीसच्या दशकात डचांनी एक डावपेच घोटून ठेवला होता : समुद्रावरची विमानं ताफा शोधतील, बोटी टोळीने जमतील आणि रात्री पृष्ठभागावरून हल्ला करतील. उथळ पाण्यात बुडी मारण्यापेक्षा रात्रीचा काळोखच चांगला आडोसा, हा विचार बरोबर होता. प्रत्यक्षात युद्ध पेटलं तेव्हा बऱ्याच बोटी सिंगापूरच्या ब्रिटिश हुकमतीखाली गेल्या आणि मलायाच्या किनाऱ्यावर एकेकट्या गस्तीला लागल्या.

एकट्याने त्यांनी काय केलं ते पाहा. ओ मालिकेतली, पण पूर्वेत असलेल्या ओ-१६ ने सयाममधल्या पट्टाणीच्या उथळ बंदरात रात्री पृष्ठभागावरूनच सैन्यवाहू जहाजांवर टॉर्पेडो सोडले. के-१२ ने कोटा भारूजवळ जहाज बुडवलं. २३ डिसेंबरला के-१४ ने बोर्निओतल्या कुचिंगसमोर दोन जहाजं बुडवली, आणखी काहींना जखमी केलं. दुसऱ्या दिवशी त्याच पाण्यात के-१६ ने सागिरी ही जपानी विनाशिका उडवली. पूर्वेतल्या डच नौदलाचे प्रमुख अ‍ॅडमिरल हेल्फ्रिख यांना ‘रोज एक जहाज’ असं टोपणनाव पडलं ते याच काळात.

पण त्याच पंधरवड्यातला दुसरा रकाना असा : ओ-१६ परतताना तिओमान बेटाजवळ पाणसुरुंगावर गेली, एक माणूस वाचला. ओ-२० बुडाली. के-१७ त्याच सुरुंगक्षेत्रात गेली, कुणीच वाचलं नाही. के-१६ ला सागिरीच्या दुसऱ्याच दिवशी, नाताळात, जपानी पाणबुडी आय-६६ ने टॉर्पेडोने मारलं, ३६ जण गेले. पंधरातल्या चार, आणि के-१३ धरली तर पाच. सुरुंगांपुढे बोटीचा आराखडा काय करणार? ज्या वाटेवर शत्रूने गुपचूप सुरुंग पेरलेत त्या वाटेची खबर देणारं कोणी हवं होतं.

के-१८ ची पाळी २४ जानेवारी १९४२ ला आली. बोर्निओतलं बालिकपापन म्हणजे तेल. डचांनी तिथले तेलकारखाने आधीच पेटवून दिले होते. डच विमानांनी आदल्या दिवशी ताफा गाठून एक जहाज पेटवलं होतं. मध्यरात्रीनंतर, खवळलेल्या समुद्रात, के-१८ ने पृष्ठभागावरून हल्ला चढवला. नाका या जपानी क्रूझरवर सोडलेले टॉर्पेडो चुकले, पण सात हजार टनी त्सुरुगा मारू हे सैन्यवाहू जहाज बुडालं. जपानी अ‍ॅडमिरल निशिमुरा पाणबुडीच्या शोधात आपल्या रक्षक जहाजांसह बाहेरच्या बाजूला सरकले. थोड्याच वेळात चार जुन्या अमेरिकन विनाशिका आल्या तेव्हा नांगरलेली मालवाहू जहाजं जवळजवळ उघडी होती. त्यांनी आत घुसून काही बुडवली आणि चारही सुखरूप बाहेर पडल्या.

त्या रात्री विमान, पाणबुडी आणि विनाशिका यांचे हल्ले एकापाठोपाठ एक झाले. ते ठरवून केलेलं जाळं होतं असं मी म्हणणार नाही, योगायोगाचा भाग मोठा होता. तरीही तीसच्या दशकात ज्या पद्धतीसाठी या बोटी तयार केल्या, तिचा थोडासा तुकडा तेव्हा दिसला. उतरणारं सैन्य मात्र थांबलं नाही. के-१८ नंतरच्या पाठलागात डेप्थ चार्जमुळे (पाण्याखाली फुटणाऱ्या बॉम्बमुळे) जबर जायबंदी झाली आणि कशीबशी सुराबायाला आली.

दुरुस्ती पूर्ण व्हायला वेळच मिळाला नाही. जावा समुद्राची लढाई हरल्यावर २ मार्च १९४२ ला डचांनी तळ मोडून टाकला आणि के-१०, के-१३ सोबत के-१८ ही स्वतःच्या हाताने बुडवली. के-१४ आणि के-१५ निसटून कोलंबोला पोचल्या, मोठी दुरुस्ती होऊन पुन्हा लढल्या आणि युद्धाअखेरपर्यंत टिकल्या. म्हणजे आराखडा टिकाऊ होता याचा पुरावा याच वर्गात आहे. जपान्यांनी १९४४ मध्ये के-१८ वर काढली आणि हवाई हल्ल्याची सूचना देणारं तरंगतं ठाणं म्हणून मदुराच्या सामुद्रधुनीत उभी केली. १६ जून १९४५ ला ब्रिटिश पाणबुडी टॅसिटर्नने तिला कायमचं बुडवलं.

या मालिकेतला पुढचा धागाही सांगतो, कारण तो के-१८ पेक्षा महत्त्वाचा ठरला. के-१९ आणि के-२० म्हणून सुरू झालेल्या दोन बोटी ओ-१९ आणि ओ-२० या नावांनी पुऱ्या झाल्या, कारण तोवर दोन वेगळ्या मालिका ठेवायचा रिवाज मोडीत निघाला होता. त्यांवर पेरिस्कोपच्या खोलीवरूनच डिझेलला हवा ओढून देणारी नळी होती, डच नौदलातले अधिकारी विखर्स यांच्या कल्पनेतून आलेली. ब्रिटिशांना तिचं महत्त्व पटलं नाही. १९४० मध्ये हॉलंडच्या गोद्या हाती आल्यावर जर्मनांना ती आयती मिळाली आणि नंतर त्यांनी ती आपल्या यू-बोटींवर बसवली. आम्ही ‘स्नॉर्ट’ करतो म्हणायचो तेव्हा वापरत होतो ती याच यंत्राची पुढची पिढी.

पाहायला काय मिळतं? के मालिकेतली एकही बोट संग्रहालयात नाही. के-१२ युद्धानंतर सिडनीला करमणुकीसाठी वापरली आणि १९४९ मध्ये वादळात किनाऱ्याला लागली. के-१६ चा सांगाडा २०११ मध्ये बोर्निओच्या समुद्रात सापडला. ओ-१६ आणि के-१७ यांचे अवशेष तर भंगारचोरांनी जवळपास पुरते उचलून नेले आहेत, आत माणसांची हाडं असताना. हॉलंडला गेलात तर डेन हेल्डरच्या नौदल संग्रहालयात टोनाइन आहे, पण ती साठच्या दशकातली, तीन नळकांडी जोडून केलेली, अगदी वेगळ्या घडणीची.

महाराष्ट्रातून त्याहून जवळचा पर्याय म्हणजे विशाखापट्टणमच्या किनाऱ्यावरची आयएनएस कुरसुरा. रशियन बनावटीची, १९६९ ची, ९१ मीटर लांब, के-१८ च्या दुपटीहून जड. तरी काम तेच आणि घाम तोच. आत गेल्यावर टॉर्पेडो नळ्यांपाशी फोटो काढून लोक पुढे सरकतात. तुम्ही इंजिनरूममध्ये थांबा, दोन डिझेलमधल्या वाटेत उभे राहा आणि मार्गदर्शकाला विचारा की बॅटऱ्या कुठे आहेत. त्या तुमच्या राहत्या कप्प्यांच्या फरशीखाली असतात. मे महिन्यात गेलात तर उत्तमच.